थायलंडमध्ये हत्तींसोबत अर्धा दिवस: बुकिंगआधी काय तपासायचं आणि कोणत्या क्रमाने

उत्तर थायलंडमधल्या चियांग माईला निघालेली ओळखीतली मंडळी हत्तींच्या सहलीची लिंक पाठवून विचारतात, ‘ही चांगली आहे ना? यात रायडिंग नाहीये.’ बहुतेक वेळा पैसे भरून झालेले असतात. आणि लिंक उघडली की नदीत हत्तीला आंघोळ, चिखलात लोळणं, पिल्लाला मिठी मारून फोटो, असं सगळं दिसतं. पाठीवर बसणं बंद झालं की प्रश्न मिटला, असा समज आहे. पण अनेक ठिकाणी झालंय ते इतकंच, की पाठीवरची माणसं खाली उतरली आणि बादल्या घेऊन हत्तीभोवती उभी राहिली.

खालचे सगळे टप्पे एकाच प्रश्नाचं उत्तर घरबसल्या शोधण्यासाठी आहेत: त्या हत्तीला भीती वाटली, कंटाळा आला किंवा नुसतंच नको झालं, तर त्याला तिथून निघून जाता येतं का?

नेहमीचा क्रम असा असतो: आधी पैसे, मग फोटो, मग शंका. इथे पैसे सहाव्या टप्प्यावर येतात.

## टप्पा १: दिवस आणि शहर ठरवा

‘अर्धा दिवस’ म्हणजे नेमकं किती, हे आधी समजून घ्या. सकाळी साडेसहा ते आठच्या दरम्यान हॉटेलवरून व्हॅन घेते. चियांग माईच्या आसपासचे बरेचसे कॅम्प माए तेंग आणि माए वांग या भागांत आहेत. जायला तास-दीड तास, यायला तेवढाच. एक-दीडपर्यंत परत. म्हणजे हत्तींच्या आसपास तुम्ही जेमतेम दोन-अडीच तास असता. दुपारचीही फेरी असते, पण सकाळची घ्या. ऊन कमी असतं, हत्ती चरत फिरत असतात, आणि त्या दिवशी तुम्ही पहिला गट असता.

परतीच्या विमानाच्या दिवशी ही सहल ठेवू नका. डोंगरातला रस्ता, पाऊस, चिखलाने भरलेले कपडे आणि चारचं विमान हे एकत्र जमत नाही.

ऋतूही बघा. नोव्हेंबर ते फेब्रुवारीचा पूर्वार्ध उत्तम. फेब्रुवारीच्या शेवटापासून एप्रिलपर्यंत उत्तर थायलंडमध्ये शेतं आणि जंगलं जाळल्याचा धूर साचतो. घरात कोणाला दमा असेल तर त्या काळात चियांग माईच नको. पावसाळ्यात हिरवळ सुंदर असते, पण नद्या बेभरवशाच्या. ऑक्टोबर २०२४ च्या सुरुवातीला पुराचं पाणी चियांग माईजवळच्या एलिफंट नेचर पार्क या हत्तींच्या आश्रयस्थानात शिरलं, हत्तींना उंचावर हलवावं लागलं आणि दोन हत्तिणी बुडून गेल्या. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये जात असाल तर पैसे परत मिळतील असंच बुकिंग करा.

तुमची सहल फक्त बँकॉक-पटायाची असेल तर हत्ती ओढूनताणून बसवू नका. पॅकेजमध्ये ‘बागेतला हत्ती शो’ आधीच घातलेला असतो. टूरवाल्याला तो गाळायला सांगा. पैसे वजा होणार नाहीत, पण तुम्हाला आत बसायची सक्ती कोणी करत नाही. हत्ती बघायचेच असतील तर हुआ हिनच्या दक्षिणेला कुई बुरी राष्ट्रीय उद्यान आहे. तिथे दुपारनंतर वनखात्याच्या वाटाड्यांसोबत पिकअपमधून जंगली हत्ती लांबून बघता येतात. हात लावायचा प्रश्नच येत नाही, त्यामुळे खालच्या निम्म्या तपासण्या आपोआप वाचतात.

## टप्पा २: काय करणार नाही, हे घरातच ठरवा

हा टप्पा सगळे गाळतात. मग कॅम्पवर गेल्यावर माहूत हत्तीला पुढे आणतो, बाकीचे पर्यटक पाण्यात उतरतात, मुलं हट्ट धरतात आणि ‘आता आलोच आहोत तर’ सुरू होतं. निघण्याआधी सगळ्यांनी एकत्र बसून यादी करा: पाठीवर बसणं नाही, शो नाही, सोंडेने चित्र काढणारा हत्ती नाही, पिल्लासोबत फोटो नाही, आंघोळ नाही.

आंघोळीवर घरात वाद होणार, म्हणून कारणं सांगता आली पाहिजेत. हत्ती स्वतः पाण्यात जातो, मनसोक्त डुंबतो आणि बाहेर आल्याबरोबर सोंडेने अंगावर माती उडवतो. ती माती म्हणजे त्याचं ऊन आणि माश्यांपासूनचं संरक्षण. आपण ती घासून काढतो, कारण पुढच्या गटाला पुन्हा चिखल लावून पुन्हा धुवायचं असतं. दिवसाला तीन गट म्हणजे तीन वेळा हे नाटक. हत्तीला वाटेल तेव्हा पाण्यात जाणं वेगळं आणि दहा वाजता, एक वाजता, तीन वाजता जाणं वेगळं.

दुसरं कारण तुमच्या जिवाचं. जानेवारी २०२५ मध्ये को याओ याई बेटावर हत्तीला आंघोळ घालताना हत्तीच्या हल्ल्यात २२ वर्षांच्या स्पॅनिश तरुणीचा मृत्यू झाला. तीन टनांचं जनावर, पायाखाली गुळगुळीत दगड, गुडघाभर पाणी आणि चहूबाजूंनी किंचाळणारी माणसं. अशा वेळी माहूत काय करणार?

आणि तिसरं. अनोळखी माणसं अंगाला हात लावत असताना हत्ती निमूट उभा राहतो, तो स्वभाव नव्हे, प्रशिक्षण आहे. पिल्लाला आईपासून तोडून, जखडून, उपाशी ठेवून वठणीवर आणण्याच्या पद्धतीला तिकडे ‘फाजान’ म्हणतात. आज समोर असलेल्या म्हाताऱ्या हत्तिणीवर ते चाळीस वर्षांपूर्वी होऊन गेलं असेल. त्याला आता इलाज नाही. पण शांत उभं राहणाऱ्या हत्तींना मागणी राहिली की पुढच्या पिल्लांचीही सोय तशीच होते.

आपल्याकडची एक खास अडचण. हत्ती दिसला की हात जोडले जातात, कोणीतरी ‘मोरया’ म्हणतं, आजी पायाला हात लावायला पुढे सरकतात आणि सोंड डोक्यावर ठेवून घ्यायची इच्छा होते. नमस्कार लांबून करा. मोठ्याने जयघोष नको, नाणी तर अजिबात नकोत. नांदणीच्या मठातल्या माधुरी हत्तिणीवरून २०२५ मध्ये कोल्हापुरात मोर्चे निघाले. त्या वादात शिरायची ही जागा नाही. पण हत्तीची नखं, तळपाय, सांधे आणि साखळी यांबद्दल तेव्हा घरोघरी जे बोललं गेलं, ते आठव्या टप्प्यात उपयोगी पडेल.

पडताळा: घरातल्या सर्वांत लहान आणि सर्वांत हौशी माणसाला विचारा, ‘तिथे हात लावू दिला नाही तर चालेल?’ उत्तर नाही असेल, तर ही सहल सोडून दुसरं काहीतरी करा. चियांग माईत करण्यासारखं खूप आहे.

## टप्पा ३: यादी करा, पाटीवर जाऊ नका

थायलंडमध्ये ‘सँक्च्युअरी’, ‘रेस्क्यू’, ‘एथिकल’ असे शब्द पाटीवर लिहायला वेगळा परवाना लागत नाही. पाळीव हत्ती तिथे १९३९ च्या ओझेवाहू जनावरांच्या कायद्यात, म्हणजे बैल-म्हशींच्या रांगेत येतो. जंगली हत्तीला वेगळा, कडक कायदा आहे. त्यामुळे पाटीवरून काहीच ठरत नाही. कार्यक्रमपत्रिका वाचा आणि चार गटांत वाटणी करा:

१. फक्त लांबून बघणं.
२. कुंपणापलीकडून किंवा टोपलीतून चारा देणं आणि अंतर ठेवून सोबत चालणं.
३. चारा, चिखल, आंघोळ, मिठी.
४. पाठीवर बसणं, शो.

तीन आणि चार कापून टाका. एक आणि दोनमधून निवडा.

सुरुवात करायला काही नावं: चियांग माईजवळचं चांगचिल, जिथे वर्ल्ड अ‍ॅनिमल प्रोटेक्शन या प्राणीकल्याण संस्थेच्या मदतीने स्पर्शाचे सगळे कार्यक्रम बंद करून फक्त निरीक्षण ठेवलं, माए तेंगमधलं एलिफंट नेचर पार्क, फुकेतला जाणार असाल तर २०१६ मध्ये सुरू झालेलं फुकेत एलिफंट सँक्च्युअरी, क्राबीकडे असाल तर को लांता बेटावरचं फॉलोइंग जायंट्स. सुखोथाईजवळचं बून लॉट्सही नावाजलेलं आहे, पण तिथे मुक्कामाला जावं लागतं, अर्ध्या दिवसाच्या हिशेबात ते बसत नाही. या नावांनाही खालच्या चाळण्या लावायच्याच. एकाच संस्थेचे अनेक कार्यक्रम असतात, काही भागीदार गावांत चालतात, आणि नियम वर्षागणिक बदलतात.

(परदेशी जायचंच नसेल आणि आग्र्याची सहल ठरत असेल, तर मथुरेजवळ वाइल्डलाइफ एसओएस या संस्थेचं हत्ती केंद्र आहे. २०१८ पासून त्याला लागून हत्तींचं रुग्णालयही आहे. आधी नोंदणी करून जाता येतं. आणि गोव्यात मसाल्याच्या बागेत जेवणासोबत ‘हत्तीची आंघोळ’ असं कोणी विकत असेल, तर तो तिसरा गट आहे हे विसरू नका.)

सावधान: एकाच मालकाचे दोन कॅम्प असतात. एका वेबसाइटवर ‘नो रायडिंग’, आणि रस्त्यापलीकडे दुसऱ्या नावाने हौदा बांधलेले हत्ती. दोन्ही पत्ते नकाशावर टाकून बघा. एकाच फाट्यावर आले तर समजून जा.

## टप्पा ४: फोटो आणि रिव्ह्यू वाचा, पण उलट्या बाजूने

कंपनीने टाकलेले फोटो बघूच नका. नकाशावर त्या ठिकाणी पर्यटकांनी टाकलेले फोटो उघडा आणि ‘नवीन आधी’ लावा. बघायच्या गोष्टी:

एका हत्तीभोवती किती माणसं आहेत? माहुताचा हात कुठे आहे? हत्तीच्या कानाला धरलंय का, मुठीत काही लपवलंय का? खाली माती-गवत आहे की सिमेंटचा कोबा? मागे शेड दिसत असेल तर खांब किती आणि किती जवळजवळ? मग उपग्रहचित्र उघडा. ‘हत्ती मोकळे फिरतात’ असं लिहिलेल्या जागेभोवती जंगल किंवा कुरण दिसतं की दोन शेतांमधली चिंचोळी पट्टी?

पिल्लं मोजा. दोन-तीन वर्षांपूर्वीच्या फोटोंत छोटी पिल्लं होती, आजच्या फोटोंतही तेवढीच छोटी पिल्लं आहेत, मग आधीची मोठी झालेली कुठे गेली? हत्तिणीचा गर्भकाळ अठरा ते बावीस महिन्यांचा असतो. सोडवून आणलेल्या म्हाताऱ्या हत्तिणींच्या आश्रयस्थानात दरवर्षी नवं पिल्लू आपोआप येत नाही.

इथे अनेकांची नजर फसते. चांगल्या ठिकाणचे हत्ती दिसायला बहुतेकदा ‘खराब’ असतात: वाकडा पाय, एक डोळा गेलेला, फाटका कान, पाठीवर हौद्याचे जुने वण. आयुष्यभर लाकूड ओढून किंवा पर्यटक वाहून थकलेली जनावरं ती. उलट तुकतुकीत, लहान, फोटोत गोड दिसणारे हत्ती जिथे ओळीने उभे असतात, तिथे जास्त प्रश्न विचारा.

रिव्ह्यू वाचताना पाच तारे सोडा. त्यांत ‘आयुष्यातला सर्वोत्तम अनुभव’ यापलीकडे काही नसतं. दोन आणि तीन तारेवाले वाचा. ‘हत्ती फारच लांब होते’, ‘हात लावू दिला नाही’, ‘एवढे पैसे देऊन नुसतं बघत बसलो’ अशा तक्रारी दिसल्या की ते ठिकाण यादीत वर घ्या. ‘आमच्या आधीचा गट बाहेर पडत होता, पुढचा वाट बघत होता’ असं कोणी लिहिलं असेल तर खाली.

या टप्प्याअखेर दोन किंवा तीन नावं उरली पाहिजेत. दहा उरली असतील तर तुम्ही नुसते फोटो बघितलेत.

## टप्पा ५: सहा प्रश्न लिहून पाठवा

व्हॉट्सअ‍ॅप किंवा ईमेल करा. सोप्या इंग्रजीत लिहा आणि खाली गूगल ट्रान्सलेटने केलेलं थाई भाषांतर जोडा. ‘तुम्ही हत्तींना मारता का?’, ‘तुम्ही एथिकल आहात का?’ असले हो-नाहीचे प्रश्न वाया जातात. मारतो असं कोण सांगेल? वर्णन करावं लागेल असं विचारा.

१. हत्ती जंगलात लांब गेले आणि आमच्या वेळेत दिसलेच नाहीत, तर काय करता?
‘थांबू, चालत जाऊ, नाहीच दिसले तर लांबून बघू’ हे चांगलं उत्तर. ‘काळजी नको, माहूत घेऊन येतो, शंभर टक्के गॅरंटी’ हे वाईट. सहा प्रश्नांत एकच विचारायचा असेल तर हा विचारा.

२. दिवसात किती गट येतात, आणि प्रत्येक गटाला तेच हत्ती असतात का?
आकडा हवा. ‘छोटे गट’ हे उत्तर नाही.

३. रात्री हत्ती कुठे आणि कसे असतात?
इथे जरा समजूतदारपणा ठेवा. आजूबाजूला शेती असते. मोकळा हत्ती रात्री केळीच्या बागेत शिरला तर शेतकरी गप्प बसणार नाही. त्यामुळे रात्री जंगलात लांब साखळी आणि जागा बदलत ठेवणं, किंवा मोठं कुंपण, ही प्रामाणिक उत्तरं आहेत. ‘आमच्याकडे साखळीच नाही’ असं ठणकावून सांगणारा कुंपणाचा एकही फोटो दाखवू शकत नसेल, तर सांगितलं ते खरं नसण्याची शक्यता जास्त. आखूड साखळी आणि सिमेंटची फरशी असेल तर नाव कापा.

४. शेवटचं पिल्लू कधी आणि कुठे जन्मलं? त्याची आई इथेच आहे का?

५. हत्ती संस्थेच्या मालकीचे आहेत की भाड्याने घेतलेले?
तिकडे हत्ती महिन्याच्या भाड्याने घ्यायची पद्धत आहे. तेवढ्यावरून ठिकाण वाईट ठरत नाही. गावातल्या मालकाला भाडं मिळालं तर हत्ती रायडिंगच्या कॅम्पवर जात नाही, हेही खरं. पण भाड्याचे असून ‘आम्ही सोडवले’ अशी जाहिरात करत असतील तर ती थाप झाली.

६. हत्ती आजारी पडला तर कोण तपासतं?
पशुवैद्याचं नाव, किंवा लांपांगच्या हत्ती रुग्णालयांसारख्या ठिकाणाचा उल्लेख यायला हवा. ‘आमचे माहूत अनुभवी आहेत’ एवढंच आलं तर ते पुरेसं नाही.

उत्तराला दोन-तीन दिवस द्या. ही माणसं दिवसभर शेतात आणि जंगलात असतात, त्यामुळे तुटक इंग्रजीतलं, चुकांनी भरलेलं पण नेमकं उत्तर हे चकचकीत छापील उत्तरापेक्षा कितीतरी भरवशाचं. सहाही प्रश्नांना मिळून ‘आमचं हत्तींवर प्रेम आहे’ असा एकच परिच्छेद आला तर विषय संपला.

## टप्पा ६: आता पैसे

शक्यतो थेट त्यांच्याच वेबसाइटवरून बुक करा. हॉटेलच्या काउंटरवर किंवा रस्त्यावरच्या एजंटकडे नाव एका कॅम्पचं आणि गाडी जाते दुसरीकडे, असं होतं. माहितीपत्रकं सगळ्यांची सारखीच दिसतात. अर्ध्या दिवसाचा दर साधारण १,५०० ते ३,००० बाटच्या घरात असतो. त्याहून फारच स्वस्त मिळत असेल तर गट मोठे असणार. हत्ती दिवसाला दीडशे किलोच्या आसपास चारा खातो. तो खर्च कुठून तरी निघायलाच हवा.

बुक करताना लेखी घ्या: नेमका कार्यक्रम (त्यात आंघोळ नाही हे स्पष्ट), पिकअपची वेळ आणि जागा, मुलांची वयोमर्यादा, रद्द केल्यास परतावा. ज्येष्ठांसाठी किती चालावं लागेल आणि चढ आहे का, हेही विचारा. ‘थोडंसं चालणं’ म्हणजे चिखलातली टेकडी असू शकते.

जेवणाचं आधीच सांगा. नुसतं ‘व्हेज’ म्हटलं तर माशाचा सॉस येऊ शकतो. थाईमध्ये ‘जे’ म्हणा: त्यात मांस, मासे, अंडी, दूध तर नसतंच, कांदा-लसूणही नसतो, त्यामुळे जैन मंडळींचीही बऱ्यापैकी सोय होते. बटाटा वगैरे वेगळं सांगावं लागेल. शहरात पिवळ्या झेंड्यावर लाल अक्षर दिसेल ते हेच.

पडताळा: आलेलं कन्फर्मेशन उघडा. कार्यक्रमात ‘मड स्पा’ किंवा ‘बेदिंग’ घुसलेलं नाही ना? बऱ्याच ठिकाणी ते ठरलेल्या साच्यातून आपोआप येतं. असेल तर तेव्हाच कळवून काढायला लावा.

## टप्पा ७: बॅग

मळखाऊ रंगाचे पूर्ण बाह्यांचे कपडे, पकड असलेले बूट, एक जादा जोडी कपडे, पाण्याची बाटली, टोपी. पावसाळ्यात जळवांसाठी लांब मोजे. दुर्बीण असेल तर नक्की घ्या. लांबून बघायच्या सहलीत तिच्याइतकं उपयोगी काही नाही. अत्तर-डिओ नको. ड्रोन घरी.

कोणाला खोकला किंवा ताप असेल तर त्याने हॉटेलवर थांबावं. माणसाचा क्षयरोग हत्तीला होऊ शकतो, आणि हत्तीचा माणसाला. चारा देण्याआधी आणि दिल्यावर हात धुवायचे.

## टप्पा ८: पोहोचल्यावर पहिली दहा मिनिटं

व्हॅनमधून उतरलं की तिथले लोक कॅरेन या डोंगरी जमातीच्या पद्धतीचा सदरा देतील, केळी आणि ऊस भरलेली टोपली पुढे करतील. चिकट भात, केळी, चिंच, मीठ यांचे ‘औषधी लाडू’ वळायला बसवतील. या गडबडीत बघायचं राहून जातं. टोपली खाली ठेवा आणि दहा मिनिटं फक्त हत्ती बघा.

जमिनीवर चारा पडलेला आहे का? मोकळी हत्तीण गवताचा पेंढा सोंडेने उपटते, पुढच्या पायावर दोन-तीनदा आपटून मुळांची माती झटकते, हवं तेवढं तोंडात सरकवते आणि दांडे टाकून पुढे जाते. तुमच्याकडे ढुंकूनही बघत नाही. असं दिसलं तर जागा बरी. हत्ती दिवसाचा बहुतांश वेळ खाण्यात घालवतो. पायाखाली कोरी जमीन आणि सगळे सोंड पुढे करून टोपल्यांची वाट बघत ओळीत उभे असतील, तर ते पर्यटकांसाठी उपाशी ठेवलेले असू शकतात.

एखादा जागच्या जागी डावी-उजवीकडे डुलत असेल, मान एकसारखी वर-खाली करत असेल, तर नोंद घ्या. गाईड म्हणेल, ‘नाचतोय, खूश आहे.’ तसं नसतं. वर्षानुवर्षं बांधून ठेवलेल्या जनावराची ती सवय असते. सोडवलेल्या म्हाताऱ्या हत्तीत ती उरते, म्हणून एकट्या हत्तीवरून निकाल देऊ नका. पण निम्मा कळप डुलत असेल तर ती आजचीच गोष्ट आहे.

जखमा बघा: कानाच्या मागे, कपाळावर, पायांच्या घोट्यांभोवती. जुने पांढुरके वण म्हणजे आधीचं आयुष्य. ओली, लाल, माश्या बसलेली जखम म्हणजे या आठवड्यातलं. कानामागे टोचल्याच्या ताज्या खुणा असतील तर अंकुश कुठे आहे हे विचारायचीही गरज नाही. पायांची नखं चिरलेली, फार वाढलेली आहेत का, तेही पाहा.

उगाच घाबरू नका अशाही काही गोष्टी आहेत. आशियाई हत्तीच्या कानांच्या कडा आणि सोंड गुलाबी ठिपक्यांची होते. तो त्वचारोग नाही. डोळ्याखाली ओली रेघ दिसते. अश्रू वाहून न्यायची नलिका हत्तीला नसल्याने पाणी गालावर ओघळतं, तो रडत नसतो. कान सारखे हलवणं म्हणजे अंग थंड ठेवणं.

सावधान: नराच्या डोळा आणि कान यांच्यामध्ये तेलकट, काळपट ओघळ दिसला, तर तो माजावर येत असण्याची शक्यता आहे. अशा हत्तीच्या आसपास पर्यटकांना नेणारं ठिकाण बाकी कितीही चांगलं असो, तिथून मागे फिरा.

## टप्पा ९: हत्तींजवळ असताना

माहूत सांगेल तिथे उभं राहा आणि त्याला तुम्ही दिसाल असे राहा. हत्तीच्या मागे जाऊ नका. तिथलं त्याला दिसत नाही. आई आणि पिल्लाच्या मध्ये कधीच नको. हत्तीकडे पाठ करून सेल्फी काढणं ही सर्वांत नेहमीची आणि सर्वांत धोक्याची चूक आहे. फोटो दुसऱ्याला काढू द्या, तुमचे डोळे हत्तीवर.

कान ताठ बाहेर, शेपटी ताठ, सोंड आत वळलेली आणि खाणं अचानक थांबलं, तर बोलणं बंद करून सावकाश, तोंड त्याच्याकडे ठेवून मागे सरका. पळू नका.

चारा देताना केळं नाचवून, मागे ओढून गंमत करू नका. मुलं हे हमखास करतात. मुलाचा हात धरून ठेवा.

## टप्पा १०: काही खटकलं तर

सगळं तपासूनही तिथे गेल्यावर माहूत हत्तीला नदीकडे हाकू लागला, ‘सगळे उतरा’ म्हणाला, तर ‘आम्ही इथूनच बघतो’ एवढं शांतपणे सांगा आणि काठावर थांबा. माहुताशी भांडू नका. तो बहुतेकदा तुटपुंज्या पगारावर काम करणारा गावातला माणूस असतो. कार्यक्रम त्याने ठरवलेला नसतो, आणि मालकासमोर पर्यटकाने तमाशा केला की राग हत्तीवर निघू शकतो. टीप द्यायची तर माहुतांची सामाईक पेटी आहे का ते विचारा. हत्तीने काही ‘करून दाखवलं’ म्हणून हातावर नोट ठेवू नका, नाहीतर पुढच्या गटासमोर तेच पुन्हा होईल.

फोटो काढून ठेवा: साखळी, जखम, शेड, गटांची गर्दी. वेळ आणि तारीख फोटोत आपोआप नोंदली जाते.

तक्रार कॅम्पला आणि ज्या साइटवरून बुकिंग केलं तिला, दोघांनाही लिहा. रागाने नको, यादीसारखी: काय कबूल केलं होतं, काय झालं, सोबत फोटो.

आणि रिव्ह्यू लिहा, ठिकाण चांगलं निघालं तरी. मराठीत लिहिलात तरी चालेल, भाषांतर करून लोक वाचतात. तारखेसह लिहा, एका हत्तीमागे किती माणसं होती, किती गट दिसले, पाण्यात नेलं का, हत्ती स्वतःहून निघून गेले तेव्हा माहुताने काय केलं. ‘हत्ती चाळीस मिनिटं झाडीत होते, फक्त पाठ दिसली, कोणी त्यांना ओढून आणलं नाही’ असं लिहा आणि पाच तारे द्या.